खंडेनवमीला साफ केलेला टॅब

आमच्या घरातील एक हकिगत गेली काही वर्षे नातेवाइकांत फिरते आहे, आणि जितकी फिरते तितकी ती चुकीची होत जाते. कल्याणची माझी मेहुणी ती पंगतीत सांगते. तिच्या सांगण्याप्रमाणे, मी नातीचा टॅब खंडेनवमीच्या पूजेत मांडला, त्यावर फुलाने पाणी शिंपडले, मग घाबरून दिसेल ते बटण दाबत सुटलो आणि आतले सगळे गेम उडाले. "आमच्या भावोजींनी गेम देवीला वाहिले," हे तिचे शेवटचे वाक्य. त्यावर माणसे हातातला घास ताटात ठेवून हसतात. मुलगा तिला दुरुस्त करत नाही. सून वाढायला उठते. बायको तर वर स्वतःची फोडणी घालते.

मी पाणी शिंपडले नाही. मी घाबरलो नाही. दिसेल ते बटण मी आयुष्यात कधी दाबलेले नाही. ते गेम मी काढले. समजून, क्रमाने, प्रत्येक सूचना वाचून काढले. लोक माझ्यावर अडाणीपणाचा जो आळ घेतात तो मला मान्य नाही, आणि त्या आळाच्या आडून जी माफी मला देऊ केली गेली तीही मला मान्य झाली नाही. ती मान्य केली असती तर पुढचे पुष्कळ टळले असते. म्हणून हे लिहितो आहे. यात कोणाचे नाव नाही. ती माझ्या नातीची अट आहे आणि तिच्या अटी मोडण्याचा अधिकार मला राहिलेला नाही.

माझी सारी नोकरी वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यात झाली. यंत्रांच्या देखभालीचा विभाग माझ्याकडे होता. आज त्या जागी काचेची इमारत उभी आहे, आणि तिच्याच पुढच्या रस्त्यावरच्या तसल्याच एका काचेच्या इमारतीत माझा मुलगा संगणकासमोर बसतो. आमच्या काळी त्या इस्टेटीत वर्षाचा सर्वांत मोठा दिवस खंडेनवमीचा असे. आदल्या दिवशी दुपारनंतर उत्पादन बंद. मग साफसफाई. यंत्राखाली साठलेला लोखंडाचा कीस काढायचा, तेलकट चिंध्या जाळायच्या, तुटकी हत्यारे भंगारात टाकायची. कामगारांच्या कपाटांतून दर वर्षी पत्त्यांचे जोड निघत. ते कोणाचे हे मी विचारत नसे आणि कोणी सांगतही नसे. ते थेट भट्टीत जात. दुसऱ्या दिवशी झेंडूच्या माळा घातलेली यंत्रे पाहिली की ती नवी होऊन आल्यासारखी वाटत. पूजेला ठेवायचे यंत्र आतून-बाहेरून साफ पाहिजे, हा माझा नियम होता, आणि माझ्या विभागात तो कोणी मोडला नाही.

निवृत्त झालो तरी डोंबिवलीच्या घरात मी ही पूजा चालू ठेवली. पाटावर माझा मायक्रोमीटर, पान्यांचा संच, बायकोची कात्री, सुनेचा लॅपटॉप. नात पाटीवर एकच्या आकड्यांची सरस्वती काढून ती भिंतीला टेकवून ठेवी. त्या वर्षी ती चौथीत होती.

टॅब तिला शाळेसाठी घेतला होता. मुलाने त्यात पालकांचे नियंत्रण बसवले होते. ते काय असते हे ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो. टॅबला आकड्यांचा एक कोड असतो आणि तो लहान मुलांना माहीत नसतो. ठरलेला वेळ संपला की गेम आपोआप बंद होतात आणि कोड घातल्याशिवाय उघडत नाहीत. नवे काही घेता येत नाही आणि जुने काही काढूनही टाकता येत नाही. काढण्यावरची बंदी मुद्दाम होती. पोरीच्या हातून शाळेचे ॲप उडू नये म्हणून. मुलगा ठाण्याला आणि सून कल्याणच्या बँकेत, दोघेही संध्याकाळपर्यंत बाहेर. तेव्हा कोड माझ्याकडे असणे ओघानेच आले. मुलाने मला सगळी व्यवस्था एकदा दाखवली. दुसऱ्यांदा दाखवावी लागली नाही, हे मेहुणीने लक्षात घ्यावे.

रोज दुपारी नात टॅब छातीशी धरून माझ्या खुर्चीजवळ येई.

"आबा, वेळ संपला. कोड टाका ना."

"अभ्यास?"

"झाला."

"दाखव."

"आबा, तुम्ही ना, पोलिसात पाहिजे होतात."

"वही आण."

वही येई. मी ती शेवटच्या ओळीपर्यंत पाही. मग म्हणे, "डोळे मीट." ती इतके घट्ट मिटे की नाकाला सुरकुत्या पडत. मी कोड घाली आणि तिला थोडा वेळ मिळे. हा आमचा रोजचा व्यवहार होता आणि तो मला आवडत असे. नोकरी सुटल्यापासून माझ्या परवानगीवाचून कोणाचे काही अडत नव्हते. तिचे अडत होते.

आता बायकोची फोडणी. ती म्हणते, "नात पूर्वी यांच्या पान्यांशी खेळायची. कोणत्या नंबरचा पाना कुठे लागतो ते सांगायची. टॅब आला आणि ती यांना विसरली. ते सहन झालं नाही, दुसरं काही नाही." हा आरोप मी इथे लेखी फेटाळतो. खेळण्याशी स्पर्धा करण्याचे माझे वय नव्हते. मला खुपत होते ते तिचे वाकून बसणे, जेवताना लक्ष नसणे, हाक मारली की "एक मिनिट" म्हणणे. ते सारे खरे होते. मात्र पान्यांची पेटी त्या वर्षभरात तिने उघडली नव्हती, हेही खरे होते, आणि ते माझ्याइतके घरात कोणाच्या लक्षात आले नव्हते. बायकोच्या लक्षात आले होते, असे आता दिसते.

एक गोष्ट मात्र मी स्वतःच मांडतो, कारण ती कोणीच मांडत नाही. तिच्या शेजारी बसून ते गेम काय आहेत हे मी एकदाही पाहिले नाही. माझ्या विभागात एखाद्याने यंत्र न उघडता त्यावर शेरा मारला असता तर मी त्याला दारात उभे केले नसते. टॅबमधून नाण्यांचा खणखणाट येई, कोणीतरी इंग्रजीतून शाबासकी देई, आणि एवढ्यावरून मी ठरवले होते की आत भंगार आहे.

आमच्या समोरच्या बिऱ्हाडात तिच्याच वर्गातली एक मुलगी राहायची. दोघी आमच्या गॅलरीत एका टॅबवर डोकी जोडून बसत. मी त्यांना चिवड्याची वाटी नेऊन देई, आणि मी आलो की त्या कुजबुजणे थांबवत. त्या वर्षी पावसाळ्याच्या तोंडावर त्या बिऱ्हाडाने टिटवाळ्याच्या नव्या इमारतीत घर घेतले आणि ती मुलगी गेली. त्यानंतर नात गॅलरीत एकटीच बसू लागली, पहिल्यापेक्षा जास्त वेळ. मी म्हटले, पाहा, व्यसन वाढले.

अष्टमीच्या संध्याकाळी ती टॅब घेऊन आली.

"आबा, उद्या पूजेत माझा टॅबपण ठेवायचा ना?"

"ठेवायचा. पण साफ करून."

"मी पुसलाय. आईच्या ओढणीनं. तिला सांगू नका."

"बाहेरून पुसलास. आतून मी करतो. दे."

"आत काय साफ करायचं असतं?"

"ते मोठ्यांना कळतं."

तिने लगेच दिला. पूजेसाठी मागितला होता आणि मी मागितला होता. न देण्याचे तिला कारण नव्हते. वर म्हणाली, "कुंकू काचेवर नको हं, मागे लावा," आणि झेंडू ओवायला आजीकडे गेली.

मी चष्मा लावला आणि कामाला बसलो. सेटिंगमध्ये जाऊन कोड घातला आणि ॲप काढण्यावरची बंदी उठवली. मग एकेका गेमवर बोट दाबून धरले. आधी न दिसणारा काढण्याचा पर्याय आता दिसू लागला. तो दाबला की टॅब दर वेळी विचारी: हा गेम काढला तर त्यातली सारी माहितीही जाईल, काढायचा का? ही सूचना इंग्रजीत असते. इंग्रजी मला येते. परदेशी यंत्रांची जाडजूड माहितीपुस्तके वाचून मी ती यंत्रे उभी केलेली आहेत. सूचना वाचली, तिचा अर्थ समजला आणि "हो" म्हटले. प्रत्येक गेमला पुन्हा वाचली आणि पुन्हा "हो" म्हटले. शाळेची ॲप राहू दिली. शेवटी बंदी पुन्हा लावली, कारण काम संपल्यावर झाकण होते तसे बसवायचे असते. टॅब मऊ फडक्याने पुसला. तो हातात धरून मला जे समाधान वाटले ते बऱ्याच वर्षांत वाटले नव्हते.

खंडेनवमीला तिने तो स्वतःच्या हाताने माझ्या मायक्रोमीटरशेजारी मांडला आणि त्यावर एक छोटी माळ घातली. पूजेतल्या हत्याराला त्या दिवशी हात लावायचा नसतो. तिने लावला नाही. दिवसभरात पाटाजवळून जाताना मात्र ती दोन्ही हात पाठीमागे बांधून जात होती. मी बायकोला म्हणालो, "बघ, शिस्त अशी लागते." बायको म्हणाली, "पुरे, पोरगी आहे ती, तुमचा कामगार नाही."

दसऱ्याला संध्याकाळी आपट्याची पाने वाटून झाली आणि मी तिला टॅब घ्यायला सांगितले. तिने माळ काढून नीट पाटावर ठेवली आणि टॅब उघडला. एक पान सरकवले. मागे आणले. पुन्हा सरकवले. मग आईकडे पाहून म्हणाली, "आई, माझी गल्ली कुठे गेली?"

मला वाटले होते रडारड होईल. त्याची मी तयारी ठेवली होती, काय बोलायचे तेही ठरवले होते. ती रडली नाही.

गल्ली म्हणजे काय ते मला तेव्हा कळले. त्या गेमांपैकी एक गाव वसवण्याचा होता. दोघींनी मिळून त्यात एक गल्ली बांधली होती. घरे, पाणपोई, मांजरांसाठी एक वेगळे घर. जाण्यापूर्वी मैत्रिणीने तिथे स्वतःच्या हाताने स्वतःचे घर बांधले होते. तिच्याकडे टॅब नव्हता. ती टिटवाळ्याला गेल्यावर माझी नात रोज गॅलरीत बसून त्या घराची बाग शिंपत असे, दिवे लावत असे. ज्याला मी व्यसन म्हणत होतो ते हे होते.

मुलाने गेम पुन्हा आणला. तो आला तेव्हा त्यात एक मोकळे हिरवे मैदान होते, आणि मधोमध पाटी: आपले गाव वसवायला सुरुवात करा.

"मागचं परत नाही येणार," तो म्हणाला. "कुठेच साठवलेलं नव्हतं."

"का नव्हतं?" मी विचारले.

"खातं उघडावं लागतं. ती लहान म्हणून मीच बंद ठेवलं होतं."

"म्हणजे निम्मी चूक तुझी."

 त्याने नातीला आत जाऊ दिले आणि दार लोटून तो म्हणाला, "बाबा, काढायला कोड लागतो. हे आपोआप झालेलं नाही."

"मी कुठे म्हणतो झालं म्हणून? किल्ली तूच दिलीस मला."

"सांभाळायला दिली होती. तुमच्या कारखान्यात यंत्र दुरुस्त करताना जो तो स्विचवर आपलं कुलूप लावायचा, आणि ज्याचं कुलूप त्यानंच काढायचं. तुम्हीच सांगायचात ना? दुसऱ्यानं काढलं तर तुम्ही त्याला घरी पाठवायचात."

"त्यात माणसाचा जीव जायचा. इथे काय गेलं?"

 मी तो वाद जिंकलो असे मला त्या संध्याकाळी वाटले. नात दाराच्या पलीकडेच उभी होती हे मला नंतर कळले.

आता मी त्या माफीकडे येतो. दुसऱ्या दिवशी सकाळी सुनेने चहा टाकता टाकता सर्वांना ऐकू जाईल अशा आवाजात नातीला सांगितले, "अगं, आबांनी पूजेसाठी टॅब पुसला ना, तेव्हा चुकून बोट लागलं असणार. काच किती नाजूक असते. होतं असं." बायकोने तिची री ओढली. मुलगा वर्तमानपत्रात शिरला. तिघांनी मिळून मला एक गोष्ट तयार करून दिली होती. मेहुणीची पंगतीतली गोष्ट तिच्यापासूनच वाढली. मी फक्त गप्प बसायचे होते.

थोड्या वेळाने नात गॅलरीत आली. मी झाडांना पाणी घालत होतो. ती कठड्याला टेकून उभी राहिली.

"आबा."

"हं."

"चुकून झालं ना?"

तिचा स्वर मला आजही जसाच्या तसा आठवतो. ती चौकशी करत नव्हती. ती मला उत्तर सांगत होती, आणि ते मी म्हणावे म्हणून थांबली होती.

मी पाण्याचा तांब्या खाली ठेवला. म्हणालो, "माझ्याकडून चुकून काही होत नाही. मी कोड घातला, वाचलं, आणि एकेक काढला."

"त्यात लिहिलं होतं? आतलं सगळं जाईल म्हणून?"

"होतं."

"तुम्ही वाचलंत?"

"वाचलं."

तिने मान हलवली, एखाद्या मोठ्या माणसासारखी. "बरं," म्हणाली आणि आत गेली.

सून स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तिने सगळे ऐकले होते. ती माझ्याशी कधी मोठ्याने बोललेली नाही. त्या दिवशीही नाही. "बाबा, तिला सगळं माहीत होतं. काल तिनं ऐकलं होतं. तरी ती तुम्हाला विचारायला आली. कळतंय का, का आली ते?"

"तू पोरीला खोटं शिकवतेस."

"नाही हो. ती सोडून देत होती तुम्हाला. घ्यायचं होतं तेवढं."

माझे म्हणणे तेव्हा असे होते, आणि आजही मी ते पूर्णपणे टाकून दिलेले नाही, की मुलांशी खरे बोलावे. जे केले ते केले म्हणावे. पण त्या सकाळी मी खऱ्याच्या बाजूने बोललो नाही. मला अडाणी म्हातारा म्हटले गेले होते, आणि ज्याला टॅब कळतो तो माणूस आपली बाजू मांडत होता. समोर कोण उभे आहे याचे भान मला नव्हते. सुनेला मी हे कधी सांगितलेले नाही. इथे वाचेल.

नात रुसली नाही. रुसली असती तर मी समजूत काढली असती. ते मला जमते. ती माझ्याशी आधीइतकेच बोलत होती. पाणी मागितले की आणून देई, औषधाची आठवण करी. फक्त दुपारी टॅबचा वेळ संपला की टॅब बंद करून कपाटात ठेवी आणि आईची वाट पाही. एकदा मीच म्हटले, "आण, कोड घालून देतो."

"नको. आईला विचारीन."

"कोड मला माहीत आहे. तोच आहे अजून." मुलाने तो बदलला नव्हता, मी पाहून ठेवले होते.

"माहीत आहे मला, तुम्हाला माहीत आहे ते."

तिने हे टोचून म्हटले नाही. साधेपणाने म्हटले. ती पुस्तक काढून वाचत बसली आणि मी माझ्या खुर्चीत बसून राहिलो.

दिवाळी झाल्यावर मी तिला म्हटले, "चल, टिटवाळ्याला जाऊ. मैत्रिणीला भेटून येऊ." माझा हिशेब सरळ होता. मोडलेली वस्तू दुरुस्त होत नसेल तर बदलून द्यावी. मैत्रीण प्रत्यक्ष असताना तिच्या घराच्या चित्राचे काय मोठे? सुनेने त्यांना फोन करून रविवार ठरवला. नातीने आदल्या दिवशी एका कागदावर त्या गल्लीचे चित्र काढले, आठवून आठवून. सगळी घरे होती, मांजरांचेही होते. मैत्रिणीच्या घराच्या खिडक्यांना तिने पिवळा रंग दिला होता. तो कागद तिने प्रवासभर मांडीवर सपाट धरला होता, घडी पडू नये म्हणून.

टिटवाळ्याला माणसे गणपतीसाठी उतरतात. आम्ही देवळाकडे न जाता रिक्षा करून त्या नव्या इमारतीत गेलो. आजूबाजूच्या इमारती अर्ध्या बांधलेल्या होत्या; रंगाचा वास येत होता. मैत्रीण दारात उड्या मारत उभी होती. ती वीतभर उंच झाली होती. तिने नातीला आत ओढले, नवी सायकल दाखवली, खालच्या मजल्यावरच्या दोन नव्या मैत्रिणी बोलावल्या. तिच्या आईने पोहे केले. मी बाहेरच्या खोलीत बसलो होतो तिथून मुलींचे बोलणे स्पष्ट ऐकू येत होते.

नात म्हणाली, "ऐक ना. तुला एक सांगायचंय. आपली गल्ली गेली."

"कुठली गल्ली?"

"अगं, टॅबमधली. तुझं घर होतं ना."

"अच्छा, ती! मी तर विसरलेच होते. जाऊ दे ना यार, बोअर गेम होता तो. चल, सायकल."

खाली जाताना नात माझ्यासमोरून गेली. कागद तिने चार घड्या घालून मुठीत धरला होता.

माझ्या मनात पहिल्यांदा काय आले ते मी लपवत नाही. मला वाटले, मी जिंकलो. जिचे घर होते तिलाच त्याचे काही नाही! आता घरी जाऊन मुलाला, सुनेला, कल्याणच्या मेहुणीला सांगेन, की पाहा, ज्यासाठी मला गुन्हेगार केलेत त्याची किंमत ही. वाक्ये तयार होती. पोहे खाता खाता मी ती मनात घोटत होतो. मग मी गॅलरीत जाऊन खाली पाहिले. तीन मुली सायकलभोवती गोंधळ करत होत्या. माझी नात थोडी बाजूला, सिमेंटच्या एका पाइपावर बसली होती. तिची पाळी यायची होती आणि ती तिची वाट पाहते आहे असे दाखवत होती.

मी तिची गल्ली एकदा पाडली होती. आता तिला मैत्रिणीच्या दारात आणून, त्या गल्लीत राहणारेही कोणी नव्हते, हे दाखवून दिले होते. टॅबमध्ये होती तोवर ती गल्ली दोघींची होती.

परतताना दुपारची गाडी होती. बसायला खिडकी मिळाली. कल्याण येईपर्यंत ती बाहेर पाहत होती. मी तिला विचारले, "पुन्हा यायचं का कधी?" ती म्हणाली, "बघू." मोठी माणसे म्हणतात तसे. कल्याण गेल्यावर ती माझ्याकडे न वळता म्हणाली, "आबा, तुम्ही ऐकलंत ना?"

"ऐकलं."

"घरी सांगू नका, ती विसरली ते."

 तिने वळून पाहिले. माझ्याकडून असा शब्द मिळेल याची तिला खात्री नव्हती. ते तिच्या चेहऱ्यावर दिसत होते. चुकूनही खोटे न बोलणाऱ्या माणसाकडे ती हे मागत होती.

"नाही सांगणार," मी म्हणालो.

आम्ही घरी पोचलो तेव्हा मुलगा, सून, बायको तिघेही वाट पाहत होते. चपला काढून होण्याआधीच सुनेने नातीला विचारले, "कशी झाली भेट? सांगितलंस का तिला?"

"सांगितलं," नात म्हणाली. "तिला खूप वाईट वाटलं. ती म्हणाली, आपण पुन्हा बांधू."

मग तिघांनी माझ्याकडे पाहिले. बायको म्हणाली, "हो का हो?"

माझ्याजवळ खरी हकिगत होती, साक्षीसकट, आणि ती माझ्या बाजूची होती.

"हो," मी म्हणालो. "फार वाईट वाटलं तिला."

मुलाने मान डोलावली. बायको पाणी आणायला वळली. सुनेची नजर मात्र माझ्यावर थोडा वेळ टिकली, आणि मला वाटते तिला कळले.  नात माझ्याकडे न पाहता हातपाय धुवायला गेली.

लिहून झालेले हे कोणाला दाखवू का, असे मी यंदा नातीला विचारले. ती आता मोठी झाली आहे. टॅब कधीच जुना झाला. तिने सगळे वाचले, नावे नकोत म्हणाली, आणि एके ठिकाणी बोट ठेवून म्हणाली, "इथे मी रडले होते. बाथरूममध्ये. तुम्हाला माहीत नव्हतं." ते ठिकाण दसऱ्याच्या संध्याकाळचे असेल असे मला वाटले. नव्हते. ते गॅलरीतले होते, तिने "बरं" म्हटल्यानंतरचे.

मी तिला म्हटले, "मग ते दुरुस्त करून लिहितो."

"नको, राहू द्या," ती म्हणाली. "तुम्हाला जेवढं दिसलं तेवढंच लिहा."